वाळूच्या प्रकरणात जप्त झालेले वाहन कोणाकडून आणि कसे सोडवावे

गोदावरी, दारणा, कादवा, गिरणा आणि मोसम या नद्यांच्या काठी असलेल्या नाशिक जिल्ह्यातील गावांना महसूल पथकाने वाळूचा ट्रॅक्टर किंवा डंपर पकडल्याची बातमी नेहमीचीच झाली आहे. बातमी एका दिवसाची असते; वाहनमालकाची धावपळ मात्र पुढे महिनोन्‌महिने चालू राहते. वाहन तहसील कार्यालयाच्या आवारात उभे असते, चालक गावी निघून गेलेला असतो, फायनान्स कंपनीचा हप्ता तोंडावर आलेला असतो, आणि कोणी सांगते तहसीलदार साहेबांना भेटा, कोणी सांगते कोर्टात अर्ज टाका, कोणी सांगते ‘मी मिटवून देतो’. यातला शेवटचा सल्ला कानाआड करावा. पहिले दोन सल्ले आपापल्या जागी बरोबर असू शकतात, पण एकाची जागा दुसऱ्याला चालत नाही, आणि बहुतेक मालकांचा वेळ व पैसा नेमका इथेच वाया जातो.

म्हणून कुठलाही अर्ज लिहिण्यापूर्वी एका प्रश्नाचे लेखी उत्तर मिळवावे: आपले वाहन आज कोणत्या कायद्याखाली आणि कोणाच्या ताब्यात आहे? तहसीलदारांनी महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ याच्या कलम ४८ खाली ते अटकावून ठेवले असेल, तर मार्ग महसूल खात्यातून जातो. पोलिसांनी गुन्हा नोंदवून ते मुद्देमाल म्हणून जप्त केले असेल, तर मार्ग न्यायदंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयातून जातो. दोन्ही झाले असेल, तर दोन्ही ठिकाणचे आदेश लागतात आणि एकाच आदेशावर वाहन बाहेर निघत नाही. वाहन पोलीस ठाण्याच्या आवारात उभे आहे म्हणजे ते पोलिसांनीच जप्त केले आहे, असे समजू नये. तहसील आवारात जागा नसली की महसूल खाते पकडलेली वाहने पोलीस ठाण्यात ‘सुरक्षिततेसाठी’ लावते. अशा वेळी ठाण्यातून फक्त एक पावती किंवा पत्र मिळते, आणि त्या पत्रातली एक ओळ वाचली की ताबा कोणाचा हे कळते.

कलम ४८ नेमके काय सांगते

राज्यातील खनिजांवर शासनाचा हक्क आहे, हा कलम ४८ चा पाया. नदीतली साधी वाळू हे गौण खनिज आहे आणि ती परवानगीशिवाय काढणे, उचलणे, साठवणे किंवा नेणे हा त्या हक्काचा भंग ठरतो. या कलमाची पोटकलमे (७) आणि (८) ही आपल्या विषयाची दोन मुख्य अंगे आहेत, आणि ती वेगवेगळी वाचणे फार महत्त्वाचे आहे.

पोटकलम (७) वाळूविषयी आहे. विनापरवाना काढलेल्या किंवा नेलेल्या खनिजाच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत दंड करण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्याला आहे. ‘पाचपटीपर्यंत’ म्हणजे पाचपट ही कमाल मर्यादा आहे. व्यवहारात आदेशात सरसकट पाचपट लिहिलेली आढळते. पण कायद्याने मर्यादा घालून दिली आहे, याचा अर्थ अधिकाऱ्याने त्या मर्यादेच्या आत विचार करून आकडा ठरवावा अशी अपेक्षा आहे, आणि आपल्या खुलाशात हे नम्रपणे नमूद करण्यास काहीच हरकत नाही.

पोटकलम (८) वाहनाविषयी आणि यंत्रांविषयी आहे. तहसीलदार दर्जाचा प्राधिकृत अधिकारी वाळूबरोबर ती काढण्यासाठी वापरलेली यंत्रसामग्री आणि ती नेण्यासाठी वापरलेले वाहन जप्त करू शकतो. मात्र जप्तीनंतर ४८ तासांच्या आत ते वाहन जिल्हाधिकाऱ्यांसमोर किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा कमी दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्यासमोर सादर करावे लागते. वाहन सोडण्याचा अधिकार या दुसऱ्या अधिकाऱ्याचा आहे, आणि तो विहित दंड भरून घेऊन आणि मालकाकडून वैयक्तिक बंधपत्र घेऊन वाहन मुक्त करू शकतो.

इथेच सर्वांत मोठा गैरसमज आहे. जप्त करणारे तहसीलदार आणि सोडणारे उपजिल्हाधिकारी हे दोन वेगळे अधिकारी आहेत. मालक आठवडेच्या आठवडे तहसील कार्यालयात चकरा मारतो, तिथला लिपिक ‘साहेब मीटिंगला गेलेत’ म्हणून परत पाठवतो, आणि ज्यांच्याकडे अर्ज करायला हवा त्या प्रांताधिकाऱ्यांच्या, म्हणजे उपजिल्हाधिकारी दर्जाच्या उपविभागीय अधिकाऱ्यांच्या, कार्यालयात अर्जच दाखल झालेला नसतो. निफाड, येवला, चांदवड, मालेगाव अशा ठिकाणी उपविभागीय कार्यालये आहेत. आपल्या तालुक्यासाठी वाहन मुक्त करण्याचे अधिकार कोणाला दिले आहेत, हे तहसील कार्यालयातील गौण खनिज शाखेत किंवा नाशिकला जुन्या सीबीएसजवळच्या जिल्हाधिकारी कार्यालयातील खनिकर्म शाखेत विचारून घ्यावे. अर्ज तिथे द्यावा, त्याची एक प्रत तहसीलदारांना द्यावी आणि दोन्हींवर आवक क्रमांकासह पोच घ्यावी.

४८ तास उलटून गेले म्हणून वाहन आपोआप सुटते, असे मात्र कोणी सांगितले तर त्यावर विसंबू नये. मुदत पाळली गेली नाही, ही बाब आपल्या अर्जातला आणि पुढे अपिलातला एक ठळक मुद्दा होतो. त्यासाठी जप्तीची तारीख आणि वेळ कागदावर असणे आवश्यक आहे, आणि ती ज्या कागदावर असते त्याकडे आता वळू.

पंचनामा नीट वाचा

संपूर्ण प्रकरण ज्या एका कागदावर उभे असते तो कागद म्हणजे पंचनामा. तलाठी, ज्यांना आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, किंवा मंडळ अधिकारी तो जागेवर लिहितात आणि दोन पंच त्यावर सह्या करतात. चालकाने घाबरून न वाचता सही केलेली असते आणि मालकाने तो पाहिलेलाच नसतो. त्याची प्रत पहिल्याच दिवशी मागावी, आणि न दिल्यास लेखी अर्ज करून मागावी.

पंचनाम्यात काय पाहायचे? वाहन नेमके कोठे पकडले: नदीपात्रात, घाटाच्या रस्त्यावर की महामार्गावर? पात्रात वाळू भरताना पकडलेला ट्रॅक्टर आणि पिंपळगाव बसवंतच्या टोलनाक्यापुढे पावतीसह जाणारा डंपर यांची बाजू एकसारखी मांडता येत नाही. वेळ कोणती लिहिली आहे आणि ती वाळूच्या वाहतूक पासवरच्या वेळेशी जुळते का? वाहन क्रमांक, इंजिन व चासी क्रमांक बरोबर आहेत का? ट्रॉलीचा क्रमांक वेगळा नोंदवला आहे का? आणि वाळू किती?

या शेवटच्या प्रश्नाजवळ थोडे थांबायला हवे, कारण दंडाचा आकडा त्यावरच ठरतो. पंचनाम्यात बहुधा ‘अंदाजे १ ब्रास’ असे शब्द असतात. १ ब्रास म्हणजे १०० घनफूट, म्हणजे सुमारे २.८३ घनमीटर. ट्रॉलीची आतली लांबी १० फूट, रुंदी ६ फूट आणि वाळूची प्रत्यक्ष उंची दीड फूट असेल तर वाळू ९० घनफूट भरते, म्हणजे ०.९ ब्रास. फरक लहान दिसतो, पण तो पाचपटीने वाढतो, आणि डंपरच्या बाबतीत तो कित्येक ब्रासांचा असू शकतो. मोजमाप फितीने घेतले की नजरेने, हे पंचनाम्यात लिहिलेले नसेल तर तसे आपल्या खुलाशात नोंदवावे आणि शक्य असल्यास वाळू उतरवण्यापूर्वी फेरमोजणीची मागणी करावी. वाळू एकदा उतरवली गेली की ही मागणी निरर्थक होते.

त्याच पहिल्या एक-दोन दिवसांत वाहनाच्या सद्यःस्थितीचीही नोंद करून घ्यावी. टायर किती व कोणत्या अवस्थेत आहेत, बॅटरी आहे का, टूलबॉक्स, जॅक, ट्रॉलीची पिन, डिझेल टाकीतली पातळी आणि मीटरवरचा आकडा यांची यादी करून ती देणाऱ्या-घेणाऱ्याच्या सहीने ठेवावी आणि तारखेसह छायाचित्रे काढावीत. उन्हापावसात महिनोन्‌महिने उभ्या राहिलेल्या वाहनाची बॅटरी आणि टायर सर्वांत आधी जातात, आणि यादी नसेल तर काय गेले हे सिद्ध करता येत नाही.

आपली बाजू कोणती, हे आधी ठरवा

वाहन सोडवण्यासाठी दोन प्रकारचे म्हणणे मांडता येते आणि दोन्हींचा परिणाम वेगळा आहे.

पहिले म्हणणे असे की वाहतूक बेकायदा नव्हतीच. वाळू अधिकृत डेपोतून किंवा लिलावातील गटातून घेतली होती, ‘महाखनिज’ या शासनाच्या संगणकीय प्रणालीवर निघालेला वाहतूक पास वाहनात होता, पण तो दाखवता आला नाही, किंवा दाखवूनही ग्राह्य धरला गेला नाही. हे म्हणणे खरे असेल तर दंडाचा प्रश्नच उद्भवत नाही, म्हणून ते सर्वांत आधी आणि पुराव्यानिशी मांडावे. पासवर वाहन क्रमांक, परिमाण, निघण्याचे ठिकाण, पोहोचण्याचे ठिकाण आणि वैधतेची वेळ असते. एकच पास दोन फेऱ्यांना वापरल्याचा संशय हे कारवाईचे नेहमीचे कारण असल्यामुळे वेळेचा पुरावा निर्णायक ठरतो. वाहनातील जीपीएसची नोंद, घोटी, शिंदे किंवा पिंपळगाव येथील टोलनाक्यावरची फास्टॅगची वेळ, वाटेत वाहन बंद पडले असेल तर गॅरेजचे बिल, डेपोची पावती, वजनकाट्याची पावती या सगळ्यांतून वाहन कधी निघाले आणि कोठे होते हे दिसते. वाळू दुसऱ्या राज्यातून, उदाहरणार्थ गुजरातमधून, आणली असेल तर त्या राज्याचा पास पुरेसा ठरत नाही. महाराष्ट्रातील प्रणालीवरची आवश्यक नोंदही दाखवावी लागते.

दुसरे म्हणणे असे की वाद पुढे लढू, पण वाहन सध्या कायद्यातील तरतुदीप्रमाणे दंड आणि बंधपत्र घेऊन सोडावे. वाहनावर घर चालत असेल आणि प्रकरण लांबणार असेल, तर हा मार्ग बहुतेकांना घ्यावा लागतो. यात शरणागती नाही. मात्र रक्कम भरताना ‘अपिलाचा हक्क राखून, हरकतीसह भरणा करीत आहे’ असे अर्जात स्पष्ट लिहावे, म्हणजे भरणा केला याचा अर्थ गुन्हा कबूल केला, असा युक्तिवाद पुढे कोणाला सहज करता येत नाही. दोन्ही म्हणणी एकाच अर्जात मांडता येतात: मुख्य मागणी विनादंड मुक्ततेची, आणि ती मान्य न झाल्यास पर्यायी मागणी विहित दंडावर मुक्ततेची.

‘चालकाने मला न विचारता गाडी नेली’ हे म्हणणे फार वेळा ऐकू येते. फौजदारी खटल्यात मालकाचे ज्ञान आणि हेतू यांना महत्त्व आहे, त्यामुळे तिथे या म्हणण्याला वजन असू शकते. महसुली कारवाई मात्र वाहन कशासाठी वापरले गेले यावर चालते आणि वाहन सोडवण्याची रक्कम कायद्याने मालकाकडूनच घ्यायची आहे. म्हणून केवळ या एका वाक्यावर अर्ज उभा करू नये.

पैसे किती आणि कशाचे

मालकाला तोंडी सांगितला जातो तो एकच मोठा आकडा. प्रत्यक्षात त्यात वेगवेगळ्या रकमा असतात आणि त्या प्रत्येकीचा आधार वेगळा असतो. पहिली रक्कम वाळूच्या बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंतच्या दंडाची. दुसरी स्वामित्वधनाची, म्हणजे रॉयल्टीची. तिसरी वाहन मुक्त करण्यासाठीच्या विहित दंडाची. ही तिसरी रक्कम गौण खनिज उत्खननाच्या १९६८ च्या नियमांत १२ जानेवारी २०१८ रोजी झालेल्या सुधारणेने वाहनाच्या प्रकारानुसार ठरवून दिली: ट्रॅक्टर-ट्रॉली आणि अर्ध्या बॉडीच्या ट्रकसाठी १ लाख रुपये, पूर्ण बॉडीचा ट्रक आणि डंपर यांसाठी २ लाख रुपये, आणि पोकलेनसारख्या उत्खनन यंत्रासाठी साडेसात लाख रुपये. वाळू अर्धा ब्रास होती की पाच ब्रास, याने या रकमेत फरक पडत नाही. नियम वेळोवेळी सुधारले जातात, म्हणून आपल्या प्रकरणात कोणत्या नियमाने कोणती रक्कम लावली हे लेखी मागून घ्यावे.

उदाहरणासाठी समजा, निफाड तालुक्यातील एका शेतकऱ्याचा ट्रॅक्टर १ ब्रास वाळूसह पकडला, आणि हिशेबापुरते वाळूचे बाजारमूल्य ब्रासला ६,००० रुपये धरले. पाचपट म्हणजे ३०,००० रुपये, रॉयल्टी ब्रासला ६०० रुपये धरली तर ६०० रुपये, आणि ट्रॅक्टरचा दंड १ लाख रुपये. एकूण १,३०,६०० रुपये. वाळूच्या किमतीच्या तुलनेत हा आकडा डोळे पांढरे करणारा आहे, आणि शासनाने तो तसा ठेवण्यामागे नद्यांची अवस्था आहे. पात्रातली वाळू उपसली की काठच्या विहिरींचे पाणी खाली जाते, पुलांचे पाये उघडे पडतात आणि काठ ढासळून सुपीक जमीन वाहून जाते. २०२० मध्ये राज्यातले पहिले रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाचे पाणथळ क्षेत्र, ठरलेले नांदूर मधमेश्वर याच निफाड तालुक्यात गोदावरी-कादवेच्या संगमावर आहे. सर्वोच्च न्यायालयाने २७ फेब्रुवारी २०१२ रोजी दीपक कुमार विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात गौण खनिजाच्या लहान पट्ट्यांनाही पर्यावरणीय परवानगी आवश्यक ठरवली, ती याच काळजीपोटी. एका बाजूला नदी आणि दुसऱ्या बाजूला कर्जाच्या हप्त्यावर चालणारा ट्रॅक्टर असलेले कुटुंब, या दोघांचाही विचार मनात ठेवूनच मी हे लिहीत आहे. दंड कडक असणे योग्य आहे. म्हणूनच तो मोजमाप, सुनावणी आणि सकारण आदेश या तिन्हींनंतरच व्हावा, हा आग्रहही तितकाच योग्य आहे.

बंधपत्राची रक्कम हातात द्यावी लागत नाही. वाहनाच्या बाजारमूल्यापेक्षा अधिक नसलेल्या रकमेचे ते लेखी वचन असते: हे वाहन पुढे विनापरवाना उत्खननासाठी किंवा वाहतुकीसाठी वापरले जाणार नाही. बाजारमूल्याचा पुरावा म्हणून विमा पॉलिसीत दाखवलेली वाहनाची किंमत उपयोगी पडते. जुन्या ट्रॅक्टरला नव्याची किंमत धरली गेली असेल तर ही पॉलिसी पुढे करावी.

भरणा चलनानेच करावा. शासनाच्या ‘ग्रास’ प्रणालीवर चलन निघते आणि त्यावर लेखाशीर्ष, रक्कम व भरणाऱ्याचे नाव येते. चलनाशिवाय दिलेला एक रुपयाही पुढच्या कुठल्याही अपिलात मोजला जात नाही. कोणी वाहन सोडण्यासाठी वरकड मागणी केली तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा निःशुल्क क्रमांक आहे.

अर्ज कसा असावा

अर्ज नोंदणीपुस्तकात, म्हणजे आरसीवर, ज्याचे नाव आहे त्याच्याच नावाने करावा. वाहन विकले पण नाव चढवले नाही, अशा व्यवहारांत इथे मोठी अडचण येते. घेणाऱ्याच्या हाती फक्त नोटरी करार असतो आणि आरसीवरचा माणूस जबाबदारी नको म्हणून पुढे येत नाही. त्याला विनंती करून अर्ज त्याच्या नावाने करणे किंवा त्याच्याकडून मुखत्यारपत्र घेणे, हाच त्यातल्या त्यात सरळ मार्ग. वाहनावर कर्ज असेल तर फायनान्स कंपनीला लेखी कळवावे. कंपनीचे ना-हरकत पत्र जोडले तर हरकतीचा एक मुद्दा आधीच मिटतो.

मजकूर साधा आणि मुद्देसूद असावा. ‘विषय : ट्रॅक्टर क्रमांक अमुक, ट्रॉलीसह, महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ चे कलम ४८ (८) (२) अन्वये मुक्त करणेबाबत.’ त्याखाली: ‘मी सदर वाहनाचा नोंदणीकृत मालक आहे. दिनांक अमुक रोजी अमुक वाजता मौजे अमुक येथे वाहन जप्त करण्यात आले असून पंचनाम्याची प्रत सोबत जोडली आहे. सदर वाहन आपल्यासमोर सादर करण्यात आले किंवा कसे, याची मला माहिती देण्यात आलेली नाही. वाहतूक पास व जीपीएस नोंद सोबत सादर करीत असून वाहन विनादंड मुक्त करावे. तसे शक्य नसल्यास, माझा अपिलाचा हक्क राखून विहित दंड भरण्यास व बंधपत्र देण्यास मी तयार आहे. मला सुनावणीची संधी देऊन सकारण आदेश व्हावा, ही विनंती.’ आरसी, विमा, आधार कार्ड, चालकाचा परवाना, पंचनामा, पास, नोटीस असल्यास तिची प्रत आणि छायाचित्रे एवढे जोडले की अर्ज पुरा होतो. भावनिक मजकुराची चार पाने लिहिण्यापेक्षा हे एक पान अधिक काम करते, कारण अधिकाऱ्याला आदेशात लिहायला लागणारी प्रत्येक गोष्ट त्यात आलेली असते.

नोटीस आली तर तिला मुदतीत लेखी खुलासा द्यावाच. गैरहजर राहिलेल्या माणसाविरुद्ध एकतर्फी आदेश होतो आणि रक्कम जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसूल करता येते. म्हणजे शेतजमिनीच्या सातबाऱ्यावर बोजा चढू शकतो आणि वाहनाचा लिलावही होऊ शकतो. ‘गाडी गेली तर गेली’ म्हणून प्रकरण सोडून देणाऱ्यांना पुढे जमिनीवरचा बोजा उतरवायला अधिक त्रास होतो.

पोलिसांत गुन्हा दाखल असेल तर

वाळूची चोरी म्हणून भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०३ (२) खाली आणि खाण व खनिज (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम २१ खाली गुन्हे नोंदवले जातात. या केंद्रीय कायद्यात पाच वर्षांपर्यंत कैद आणि वाहन जप्तीची तरतूद आहे. त्याच्या कलम २२ प्रमाणे न्यायालय या कायद्याखालच्या गुन्ह्याची दखल प्राधिकृत व्यक्तीच्या लेखी तक्रारीवरच घेऊ शकते. तेव्हा चोरीचा गुन्हाही टिकत नाही, असा युक्तिवाद पूर्वी होत असे. सर्वोच्च न्यायालयाने ४ सप्टेंबर २०१४ रोजी दिल्ली राज्य विरुद्ध संजय या प्रकरणात हे दोन गुन्हे वेगळे असून चोरीचा गुन्हा पोलीस तपासू शकतात, असे स्पष्ट केले.

अशा प्रकरणात वाहन मुद्देमाल असते आणि ते मिळवण्यासाठी संबंधित न्यायालयात अर्ज करावा लागतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमे ४९७ आणि ५०३ यासाठी आहेत. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच जागा ४५१ आणि ४५७ या कलमांची होती. न्यायालय पोलिसांचा आणि सरकारी वकिलांचा ‘से’, म्हणजे लेखी म्हणणे, मागवते, मालकी तपासते आणि सुपूर्तनाम्यावर वाहन देते. वाहन विकायचे नाही, त्याचे स्वरूप बदलायचे नाही, न्यायालय सांगेल तेव्हा हजर करायचे, या त्यातल्या नेहमीच्या अटी. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या २००२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की जप्त वाहने पोलीस ठाण्यांत दीर्घकाळ पडून ठेवण्यात काही अर्थ नाही आणि योग्य बंधपत्र घेऊन त्यांचा निर्णय लवकर करावा. नव्या संहितेने तर मुदतीच घालून दिल्या आहेत: मालमत्ता न्यायालयासमोर आल्यापासून १४ दिवसांत तिचे विवरण, छायाचित्रण किंवा चित्रीकरण, आणि विवरणानंतर ३० दिवसांत तिच्याविषयीचा आदेश. अर्जात या दोन्हींचा उल्लेख करावा.

पण वाहन फक्त कलम ४८ खाली महसूल अधिकाऱ्यांच्या ताब्यात असेल आणि अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे केला असेल, तर सक्षम महसूल अधिकाऱ्यांकडे जा, असेच उत्तर मिळण्याची शक्यता अधिक. उलट न्यायालयाचा सुपूर्तनामा हाती असूनही महसुली मुक्ततेचा आदेश नसेल, तर आवाराच्या फाटकावर वाहन अडते. अशा दुहेरी प्रकरणांत दोन्ही अर्ज एकाच आठवड्यात दाखल करावेत आणि एका अर्जाची प्रत दुसऱ्याला जोडावी.

या काळात अधीर होऊन वाहन परस्पर काढून नेण्याचा प्रकार जिवावर बेतू शकतो. तहसील आवारातून वाहन पळवले की नव्याने चोरीचा गुन्हा होतो, आणि अडवणाऱ्या कर्मचाऱ्याला धक्काबुक्की झाली तर न्याय संहितेचे कलम १३२ लागते. वाळूतस्करांना एमपीडीए, म्हणजे धोकादायक व्यक्तींच्या कारवायांना आळा घालणाऱ्या राज्याच्या, कायद्याखाली स्थानबद्ध करता येते, हेही विसरू नये.

आदेश विरुद्ध गेला तर

आदेशाची प्रमाणित प्रत लगेच काढावी. अपील कोणाकडे करायचे हे आदेशावर सही कोणाची आहे यावरून ठरते. महसूल अधिनियमाच्या कलम २४७ प्रमाणे तहसीलदारांच्या आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे, प्रांत किंवा उपजिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे, आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर नाशिकरोडच्या विभागीय आयुक्तांकडे अपील जाते. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशासाठी मुदत ६० दिवस आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशासाठी ९० दिवस असून प्रमाणित प्रत मिळण्यात गेलेला काळ त्यातून वगळला जातो. अपील दाखल केले म्हणून वसुली आपोआप थांबत नाही. स्थगितीचा स्वतंत्र अर्ज त्याच दिवशी द्यावा.

एकाच प्रकरणात वाळूच्या दंडाचा आदेश तहसीलदारांचा आणि वाहनाच्या दंडाचा आदेश प्रांतांचा असेल, तर अपिले दोन आणि ती दोन वेगळ्या ठिकाणी, हे ध्यानात ठेवावे. एकाच अपिलात दोन्ही आदेशांना आव्हान दिल्यास निम्मे अपील अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावरच गळते.

अर्ज देऊनही निर्णयच होत नसेल, सुनावणीच दिली नसेल किंवा अधिकार नसलेल्या अधिकाऱ्याने आदेश केला असेल, तर संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. नाशिक जिल्हा मुंबई उच्च न्यायालयाच्या मुंबईतील मुख्य पीठाखाली येतो. शेजारचे अहिल्यानगर, धुळे आणि जळगाव हे जिल्हे औरंगाबाद खंडपीठाखाली असल्यामुळे येवला, नांदगाव किंवा मालेगावच्या मालकाचे वाहन जिल्ह्याची हद्द ओलांडल्यावर पकडले गेले असेल, तर तहसील, प्रांत आणि पीठ हे सारेच बदलते, आणि आपल्या ओळखीच्या कार्यालयात दिलेला अर्ज तिथे पोहोचत नाही. म्हणून पंचनाम्यातील गावाचे नाव आणि तालुका आधी पाहावा, वकील त्यानंतर गाठावा.